आठ रंगांचा तांडा

आमच्या वरच्या मजल्यावर राहायला आले त्या दिवशी सरांनी सामान उतरवायच्या आधी आमच्या पुढच्या खोलीतला पडदा हातात घेतला, अंगठा आणि तर्जनीमध्ये चोळला आणि आईला म्हणाले, "फसवलं तुम्हाला. कॉटन म्हणून पॉलिस्टर दिलं." आई चहाचा ट्रे घेऊन उभी होती. तो पडदा तिनं दिवाळीत स्वतः निवडून आणला होता आणि तोवर तिला तो फार आवडत होता. पुढच्या रविवारी तिनं तो काढून टाकला. सरांनी एवढंच विचारलं, "जुना कुठे गेला? त्याचा एक तुकडा हवा होता."

सर कुणालाही काही शिकवत नव्हते. त्यांनी स्वतःची ओळखच 'सर' अशी करून दिली होती आणि यवतमाळात अशा गोष्टीची कुणी चौकशी करत नाही. वय साठीच्या आसपास, कडक इस्त्रीचा पांढरा कुडता आणि गळ्यात काळ्या दोरीला एक छोटं चौकोनी भिंग. कापडाचे धागे मोजायचं. सुरतेच्या एका मिलमध्ये त्यांनी तीस वर्षं साड्यांची आणि ड्रेस मटेरियलची डिझाइनं काढली होती आणि आता ते मातीच्या ओढीनं आपल्या जिल्ह्यात परत आले होते. निसर्गचित्रं काढणार होते. मातीची ओढ हे शब्द ते इतक्यांदा वापरत की आमच्या घरात त्यांची चेष्टा सुरू झाली. आई पालक निवडताना मुळं झटकायची आणि म्हणायची, "ही घे, सरांना वर नेऊन दे."

मी त्यांच्याबरोबर जायला लागले ती बाबांमुळे. माझं कॉलेज संपलं होतं आणि मी घरी बसून फॉर्म भरत होते. सरांना पुढेमागे नागपूरला प्रदर्शन भरवायचं होतं आणि त्याच्या कॅटलॉगसाठी इंग्रजी लिहिणारं कुणी हवं होतं. "तुमची मुलगी इंग्लिश मीडियमची ना?" असं त्यांनी बाबांना विचारलं. मी समोरच उभी होते. बाबांनी हो म्हटलं. मी बोलत नाही याचा सरांना आनंदच झाला असावा. "असं ऐकून घेणारं माणूस आता मिळत नाही," असं ते दोन-तीनदा म्हणाले. मी ऐकत होते हे खरं आहे. बघतही होते.

आठवड्यातून तीन दिवस गजूभाऊंचा ऑटो ठरलेला असे. घाटंजी रस्त्यावर एका पाझर तलावाच्या पलीकडे बंजाऱ्यांचा तांडा आहे, तिथला उतार सरांनी निवडला होता. निवडला म्हणजे तिथे ऑटो थेट सावलीत उभा करता येत असे. सर ऑटोतून उतरत नसत. मागच्या सीटवर बसून, मांडीवर बोर्ड ठेवून, ऑटोच्या बाजूनं जेवढं दिसेल तेवढा निसर्ग ते घेत. अगदीच उतरावं लागलं तर आधी दोन्ही बुटांवर प्लॅस्टिकच्या पिशव्या चढवत आणि वरून रबरबँड लावत. काळी माती चिकटू नये म्हणून.

गजूभाऊ हे सगळं आरशातून बघायचे. एकदा सर पिशव्या सांभाळत बांधावर गेले तेव्हा ते मला म्हणाले, "ताई, ह्याईले मातीची ओढ हाये म्हणते ना?"

"हो."

"मंग बुटाले विचारा बरं, त्याले हाये का."

सरांची काम करण्याची पद्धत मी पहिल्यांदा पाहिली तेव्हा मला वाटलं, मोठे कलाकार असंच करत असतील. ते शेताकडे बघत नसत. त्यांच्याकडे एक जाड वही होती, तिच्यात दोन बोटांएवढे कापडाचे शेकडो तुकडे चिकटवलेले, प्रत्येकाखाली नंबर. शिंप्यांकडून, दुकानांतून, ओळखीच्यांच्या फाटक्या सदऱ्यांतून जमवलेले. सर ती वही उघडून समोर धरत, एक डोळा मिटत आणि नांगरलेल्या जमिनीशी तुकडा जुळवत. "आमसुली. एकशे बारा." मग वही मांडीवर ठेवून त्या तुकड्याचा रंग तयार करत. जमीन तिथेच समोर पडलेली असे, पण तिच्याकडे पुन्हा मान वर होत नसे. तूर म्हणजे बॉटल ग्रीन, कपाशीच्या वाळलेल्या पऱ्हाट्या म्हणजे बदामी, तलाव म्हणजे मोरपंखी. तलाव मोरपंखी नव्हता. उन्हाळ्याच्या तोंडाला तो गढूळ चहासारखा झाला होता. मी तसं म्हणाले नाही.

आणि रंग आठच. कितीही मोठं चित्र असो, नववा रंग नाही. मिलमध्ये प्रत्येक रंगाला छपाईची एक वेगळी जाळी लागते, तिला स्क्रीन म्हणतात, आणि त्यांच्या मिलमध्ये टेबलावर आठच स्क्रीन बसत. "आठ रंगांत जो जग उभं करू शकत नाही," सर म्हणायचे, "त्याला ऐंशी देऊन उपयोग नाही." वाक्य चांगलं होतं. मी ते लिहूनही घेतलं. पण टेबल सुरतेत राहिलं, मिलही राहिली, आणि हे इथे ऑटोत बसून अजून आठ मोजत होते.

झाडाचं तर विचारूच नका. सरांनी एक पळस काढला होता, पहिल्या आठवड्यात. चांगला होता. पण त्यानंतर त्यांनी दुसरं झाड काढलंच नाही. त्याचाच ट्रेसिंग पेपर केला आणि तो सगळीकडे ठेवून ते गिरवायचे, कधी उलटा करून. साग असो, बाभूळ असो, चित्रात तोच पळस. याला ते 'रिपीट' म्हणत. साडीवर जसा एकच बुट्टा ठरावीक अंतरानं पुन्हापुन्हा येतो तसा. चित्राची उजवी कड डाव्या कडेला तंतोतंत जुळायला हवी असाही त्यांचा आग्रह असे. एकदा त्यांनी आमच्या व्हरांड्यात चार चित्रं ओळीनं मांडली आणि बाबांना दाखवलं, कुठेही सांधा दिसत नाही. बाबांनी चष्मा लावून पाहिलं आणि म्हणाले, "वा. पडदे छान होतील." सरांना तो अपमान वाटला नाही.

एकदाच, एकदाच मला त्यांच्याबद्दल वाईट वाटणार होतं. ऑटो पंक्चर झाला होता आणि गजूभाऊ चाक काढत होते. आम्ही दोघं एका दगडावर बसलो होतो. सर अचानक म्हणाले, "एक पोरगा आला. तेवीस वर्षांचा. मी महिनाभर करायचो तेवढं त्यानं दुपारपर्यंत कॉम्प्युटरवर केलं. मग जेवायला गेला." मातीच्या ओढीचा खरा इतिहास तो होता. मी काहीतरी बोलावं म्हणून शब्द शोधत होते, तेवढ्यात त्यांनी माझ्या ओढणीचं टोक उचललं, चोळलं आणि म्हणाले, "सेलमधली आहे." माझे शब्द मग वाचले.

तांड्याच्या मोठ्या चित्राची गोष्ट अशी झाली. ग्रामपंचायतीची नवी इमारत बांधून तयार होती आणि सरपंच, गॉगल डोक्यावर चढवून फिरणारा एक तरुण माणूस, रोज ऑटोपाशी येऊन उभा राहायचा. एक दिवस म्हणाला, "सर, आमच्या हॉलसाठी एक काढा ना. पूर्ण तांडा आला पाह्यजे एका चित्रात." सरांनी मोठ्या मनानं कबूल केलं. फुकट काढून देतो म्हणाले. त्यासाठी तयार झालेला बोर्ड एका भिंतीएवढा लांब होता, त्यामुळे ऑटोतून काम शक्य नव्हतं. पंचायतीच्या हॉलमध्येच सरांनी बोर्ड उभा केला आणि तिथून तांडा दिसतच नव्हता, ही गोष्ट त्यांच्या फार सोयीची झाली.

तीन आठवडे ते काम चाललं. तांड्यातली माणसं रोज संध्याकाळी शेतावरून येताना हॉलमध्ये डोकावायची आणि आपापलं घर शोधायची. चित्रात घर सापडलं की त्याच्यावर बोट ठेवायची. सर ओरडायचे. बोटांचे ठसे तरी उमटायचेच.

"साहेब, आमचं घर टिनाचं हाये. कौलं कायले टाकले?"

"टिनाला माझ्याकडे रंग नाही."

"टिनाले रंगच नसते साहेब. तसंच सोडा."

सरपंचाची तक्रार वेगळी होती. "आमची डीपी कुठी गेली सर?"

"कसली डीपी?"

"लाइनीची. ट्रान्सफॉर्मर हो. दोन वर्ष चकरा मारल्या तवा कुठी बसली. थे त पाह्यजे."

"डीपीनं चित्राची लय तुटते," सर म्हणाले.

सरपंचानं गॉगल खाली घेतला, परत वर चढवला. "तुटू द्या थोडी. डीपी तुटली का आमचं समदंच तुटते." पण पाहुण्याशी कोण वाद घालणार. डीपी आली नाही. डिश आल्या नाहीत, ट्रॅक्टर आला नाही. जे आलं ते सगळं बदामी आणि आमसुली होतं आणि मधूनमधून तोच पळस. लोकांनी तेही चालवून घेतलं, कारण घरं मोजली तर भरत होती. एक सोडून.

ते एक घर पारूबाईंचं होतं. तांड्याच्या शेवटाला, नाल्याच्या अलीकडे. पारूबाई पन्नाशीच्या असतील. नवरा नव्हता, मुलगी लग्न होऊन दिग्रसकडे गेलेली. घरकुल मिळून त्यांचं घर नुकतंच उभं राहिलं होतं आणि त्यांनी ते आतून बाहेरून राणी कलरनं रंगवलं होतं. रस्त्यावरून येताना तांडा दिसायच्या आधी ते घर दिसे. मला वाटलं होतं, हौस असेल. पण एकदा मी हॉलच्या पायरीवर बसले असताना त्यांनीच सांगितलं.

"घरकुलासाठी माही झोपडी पाहाले साहेब आला. दोनदा आला. दोन्ही डाव 'घर सापडलं नाई' असं लिहून गेला. म्या इथंच होती, दारात. सहा वर्ष गेले त्याच्यात. मंग बांधून झालं तवा मिस्तरी विचारे, कोणता रंग देऊ? म्हटलं, आंधळ्यालेही सापडन असा दे."

मग त्यांनी आत बोर्डाकडे हात केला. "त्याच्यात काढलं का माहं घर?"

"काढतील," मी म्हणाले. खरं म्हणजे मला माहीत नव्हतं. त्या दिवशी मी धीर करून सरांना विचारलं, "सर, ते शेवटचं गुलाबी घर राहिलंय."

"गुलाबी नाही. राणी." सरांनी ब्रश पाण्यात बुचकळला. "राणी हा रंग नाही, आरडाओरडा आहे. ज्या मिलनं राणीवर भर दिला ती बुडाली. आणि माझे आठ झालेत."

"मग दुसऱ्या रंगात काढलं तर..."

"तिथे रिपीट बसतोय," सर म्हणाले आणि ट्रेसिंग पेपर उलगडला.

पारूबाई त्यानंतर रोज विचारत राहिल्या आणि मी रोज 'काढतील' म्हणत राहिले. हे लिहिताना मला त्याची लाज वाटते. तेव्हा मला एवढंच वाटत होतं की हा प्रश्न माझ्यासमोर सुटू नये.

चित्र उघडायचा कार्यक्रम सकाळी दहाला ठेवला होता. नारळ, हार, प्लॅस्टिकच्या खुर्च्या. सरपंचानं पडदा ओढला. लोकांनी टाळ्या वाजवल्या आणि लगेच सगळे पुढे सरकून आपापल्या घरांवर बोट ठेवायला लागले. पारूबाई मागून आल्या. साडीचा पदर डोक्यावरून नीट घेतलेला. त्यांनी डावीकडून सुरुवात केली आणि बोट न लावता, एक एक घर ओळखत, शेवटपर्यंत गेल्या. नाल्यापाशी थांबल्या. त्या जागी पळस होता.

"माह्या घरावर झाड पडलं काय?" त्यांनी विचारलं.

लोक हसले. पारूबाई हसल्या नाहीत, मग लोकही थांबले.

सर पुढे झाले. "बाई, चित्रात सगळंच्या सगळं यायला हवं असं नसतं. कलाकाराला निवड करावी लागते. काही सोडावं लागतं."

"मलेच काहून सोडलं?"

"तुमचा रंग बसत नव्हता."

पारूबाईंनी हे ऐकून घेतलं. मग सरपंचाकडे वळून शांतपणे म्हणाल्या, "तो साहेब बरा होता रे बापू. कागदावर त लिहून गेला, सापडलं नाई म्हणून. ह्याले त सापडलं होतं."

त्या निघून गेल्या. कार्यक्रम संपल्यासारखा झाला, पण कुणी उठेना. चहा यायचा होता. पंधरा-वीस मिनिटांनी पारूबाई परत आल्या, हातात डिस्टेंपरचा डबा आणि भिंतीला मारायचा चार बोटं रुंद ब्रश. रंगावर साय धरली होती. त्यांनी ती काडीनं फोडली. सर खुर्चीवरून उठले. "हात लावू नका. सरपंच, सांगा यांना."

सरपंच गॉगल पुसायला लागला. "सर, चित्र आता पंचायतीचं झालं ना? तुम्हीच दिलं."

तो ब्रश फार मोठा होता. तेवढ्यानं शेजाऱ्याचंही घर राणी झालं असतं. माझ्या पिशवीत सरांचे ब्रश होते. मी त्यातला एक काढून पारूबाईंपुढे धरला. त्यांनी तो घेतला, माझ्याकडे पाहिलं नाही.

भिंत रंगवतात तसं त्यांनी रंगवलं, वरून खाली, एकाच दिशेनं. एक हात झाल्यावर त्या मागे सरकल्या आणि खाली बसल्या. लोकांना वाटलं झालं. "थांबा," त्या म्हणाल्या, "दुसऱ्या हाताशिवाय धरत नाई हा." मग सगळा हॉल तो रंग वाळायची वाट बघत बसला. दरम्यान चहा आला. गजूभाऊ दोन कप प्यायले. दोन्ही हातांच्या वेळी पारूबाईंनी पळसाचं खोड मधोमध तसंच सोडलं. ते दार झालं. फांद्या छपराच्या वर राहिल्या, घरामागे झाड असल्यासारख्या. तीन आठवड्यांत त्या बोर्डावर पहिल्यांदा एखादी गोष्ट दुसऱ्या गोष्टीच्या मागे उभी होती.

सर तोवर ऑटोत जाऊन बसले होते. परत येताना गजूभाऊंनी आरशातून मला डोळ्यांनी विचारलं, मी मान हलवली. यवतमाळ आल्यावर, बसस्टँडच्या वळणावर, सर म्हणाले, "राणीशेजारी बदामी उठतो. हे मला तीस वर्षांत कुणी सांगितलं नाही." मला क्षणभर वाटलं, माणसाला काहीतरी उमगलं.

काय उमगलं ते हिवाळ्यात कळलं. नागपूरच्या प्रदर्शनासाठी त्यांनी वीस चित्रं केली. पांढरकवड्याकडची, वणीकडची, घाटंजीची, सगळी ऑटोतून. आठातला एक रंग त्यांनी रद्द केला होता आणि त्याच्या जागी राणी घेतला होता. प्रत्येक चित्रात उजव्या कोपऱ्यात, खालून बरोबर चार बोटांवर, एक राणी कलरचं घर. त्याचाही ट्रेसिंग पेपर झाला होता. लोकांना ती घरंच आवडली. सगळे तिथेच थांबायचे. पाहायला आलेल्या एका बाईंनी विचारलं, हे सुचलं कसं? सर म्हणाले, "मातीतून."

कॅटलॉगसाठी त्यांनी मला मजकूर सांगितला: हे एकाकी घर म्हणजे ग्रामीण स्त्रीचं मन. मी ते चांगल्या इंग्रजीत लिहून दिलं. व्याकरणाची एकही चूक नव्हती.

पुढे सरांनी आमची वरची जागा सोडली आणि नागपूरला गेले. जाताना आईला म्हणाले, "नवा पडदा खरा कॉटन आहे." आईनं तो अजून काढलेला नाही, पण तिला आवडतही नाही.

पंचायतीला द्यायची म्हणून कॅटलॉगची एक प्रत माझ्याकडे राहिली होती. ती घेऊन मी मागच्या महिन्यात गजूभाऊंबरोबर तांड्यावर गेले. हॉल बंद होता, म्हणून पारूबाईंकडे गेले. त्यांनी दारात बाज टाकली, पाणी दिलं आणि कॅटलॉग मांडीवर घेऊन एक एक पान उलटायला लागल्या.

"हे कोणतं गाव?"

"पांढरकवड्याजवळचं."

"अन् हे?"

"वणीकडचं."

"तठीही माहं घर?"

"सरांनी सगळीकडे काढलंय," मी म्हणाले. "लोकांना आवडलं."

गजूभाऊ म्हणाले, "मावशी, मालकीण झाल्या तुम्ही जिल्ह्याच्या."

पारूबाई पानं उलटत राहिल्या. वीसही पानं बघून झाल्यावर त्यांनी परत पहिलं पान काढलं आणि ते डोळ्यांजवळ नेलं. राणी चौकोनावरून अंगठा फिरवला.

"मले एकाले सहा वर्ष लागले," त्या म्हणाल्या. "ह्यानं वीस बांधले. दार एकालेही नाई."

मी पुस्तक त्यांच्या हातून घेतलं आणि पाहिलं. छापायला जाण्याआधी ती सगळी पानं मीच दोनदा तपासली होती. खरंच नव्हतं.